बिनफळाचं झाड

यात्रेच्या दुसऱ्या दिवशी घोटकरांच्या घरी मटणही शिजतं आणि भांडणही. देवाचा नैवेद्य आदल्या दिवशीच पोचलेला असतो, त्यामुळं त्या दिवशी देव मध्ये पडत नाही, असं भागू घोटकर म्हणायचे. भागूंना जाऊन पुष्कळ वर्षं झाली, पण त्यांच्या माघारी या दोन्ही गोष्टी नेमानं शिजत आल्या होत्या. यंदा फरक एवढाच, की सावळेरामनं सकाळीच बायकोला बजावलं होतं, "झाडाचं मिटल्याबिगर कुणाचं पान वाढायचं न्हाई."

वैजयंतीनं ते न्हाणीत चूळ भरता भरता ऐकलं आणि तिला हसू आलं. थोरला भाऊ साठी ओलांडून गेला, तरी त्याची अक्कल अजून बेल्ह्याच्या बाजारातच दावणीला बांधलेली होती. बैलाचा सौदा ठरेपर्यंत समोरच्याला चहा पाजायचा नाही, उन्हात उभं ठेवायचं. सौदा ठरला की मग भजीसुद्धा. पोटात कावळे ओरडायला लागले की माणूस हो म्हणतो, हे त्याचं शास्त्र. ते बैलवाल्यांवर चालत असेल. वैजयंतीनं नवरा गेल्यापासून घोडेगावात लोकांच्या लग्नातल्या पंगती रांधल्या होत्या. हजार पानं उठली तरी आपण जेवायचं राहिलंय हे तिला दिवस कलल्यावर आठवायचं. उपाशी ठेवून तिला कोण नमवणार होतं?

पदराला तोंड पुसत ती घराला वळसा घालून पुढच्या अंगणात आली. पिचकारी फुलली होती.

माळशेजच्या रस्त्याला लागून, घोटकरांच्या अंगणाच्या अगदी तोंडाशी ते झाड उभं होतं. होळी झाली की डोंगरातली निम्मी झाडं हाडं दाखवायला लागतात. हे मात्र बारमाही हिरवं, आणि त्या हिरव्यावर शेंदरी-लाल फुलांचे पेले. कळीच्या पोटात पाणी असतं, ती चिमटीत दाबली की चिळकांडी उडते. मढ गावच्या शाळेत शिकून ती कुणाच्या डोळ्यात मारली नाही असा माणूस सापडायचा नाही. म्हणून नाव पिचकारी. बाकी झाडाचा गुण म्हणून सांगावा असं काही नाही. फळ नाही. शेंगा धरतात, त्या गुरंही हुंगून सोडतात. लाकूड ठिसूळ, चुलीत घातलं तर नुसता धूर. भागू धरणाच्या कामावर होते तेव्हा साहेबांच्या बंगल्याच्या बागेत असं झाड होतं. त्याच्या मुळाशी फुटलेला एक फुटवा त्यांनी ओल्या गोणपाटात गुंडाळून घरी आणला. बायको म्हणाली, आंब्याचं कलम मागितलं असतं तर पोरांनी खाल्लं तरी असतं. भागू म्हणाले, खायचं रोजच बघतो, एक झाड नुसतं बघायचं असू दे.

तेच झाड आता तोडायचं होतं. आणि ते वैजयंतीचं होतं.

घोटकरांच्या घरात, अख्ख्या मढात त्यांच्याच घरात, अशी रीत होती की लेक सासरी निघाली की तिला माहेरचं एक झाड द्यायचं. चोळी-बांगडीचं झाड. हळदीच्या दिवशी तिला झाडाखाली उभी करायची, तिच्या ओंजळीत तांब्याभर पाणी ओतायचं, ते तिनं मुळाशी सोडायचं, आणि देणाऱ्यानं म्हणायचं, "झाड तुझं, झाडाचं ते तुझं." मग ती लेक जिवंत आहे तोवर त्या झाडाला कुऱ्हाड नाही, आणि दरसाल त्याचं फळ तिच्या सासरी पोचतं करायचं. भागूंच्या बहिणीला ओढ्याकाठचा आंबा मिळाला होता. ती म्हातारी होऊन मरेपर्यंत दर वैशाखात तिच्या दारात आंब्यांची पाटी उतरत होती.

वैजयंतीच्या लग्नाच्या आधीच भागू गेले आणि झाड द्यायचं काम सावळेरामकडं आलं. त्यानं विचार केला, आंबा दिला की जन्मभर पाट्या वाहणं आलं. त्यानं पिचकारी दिली. रीतही राहिली आणि आंबेही घरात राहिले. हळदीला जमलेल्या बायका पदर तोंडाला लावून हसल्या होत्या. एक जण तर उघड म्हणाली, "आता दरसाली सासरी काय पोचवायचं गं बाई, फुलं का पाणी?" वैजयंतीनं खालमानेनं ओंजळ मोकळी केली होती. त्या हसण्याचा राग तिला आजही यायचा. पिकल्या केसांनीही यायचा.

ओटीवर सतरंजी पडली. सावळेराम भिंतीला टेकून बसला. त्याच्या शेजारी त्याचा मुलगा सुनील, मोबाईल हातात. धाकटा भाऊ गोकुळ खांबाशी, अर्धा उन्हात अर्धा सावलीत. सावळेरामची बायको साळुबाई उंबऱ्याच्या आत, म्हणजे बैठकीत नाही पण बैठकीबाहेरही नाही. आणि सुनीलची बहीण आरती पायरीवर. ती नारायणगावला रक्त तपासायच्या लॅबमध्ये नोकरीला होती. वैशाखात तिचं लग्न ठरलं होतं.

"आत्या, हे बघ," सुनीलनं मोबाईलवरचा नकाशा पुढं केला. "हे व्हणारं हॉटेल. ही पार्किंग. पावसाळ्यात माळशेजला जाणारी गाडी आपल्या दारातनंच जाती, उभी ऱ्हात न्हाई एवढंच. उभी करायची तर बस वळायला तोंड पायजे. आन् तोंडात हे झाड."

"झाड आधीचं हाय," वैजयंती म्हणाली. "तोंडात तुझं हॉटेल आलंय."

"फुकट कुठं मागतो? वरच्या पट्टीतला केशर आंबा घे बदल्यात. पाटी मी स्वतः गाडीवर टाकून घोडेगावला आणून देईन."

"केशर आंबा." वैजयंती सावळेरामकडं वळली. "दादा, माझ्या हळदीच्या टायमाला हा कुठं गेला व्हता?"

"त्या वक्ताला केशर न्हवताच. नंतर लावला."

"रायवळ तर व्हतं. मोजून सांगू का कुठं कुठं व्हतं?"

"झालं गेलं उकरून काढू नको वैजे."

"मी न्हाई उकरत. उकरायला तुमीच निघालात, मुळासकट."

गोकुळच्या तोंडून फस्सकन हसू निघालं. थोरल्यानं बघितलं तसं त्यानं ते खोकल्यात घातलं.

सुनीलचा तोल ढळत नव्हता. तो हॉटेलच्या भागीदारांशी बोलून बोलून गोड बोलायला शिकला होता. "आत्या, हे झाड आपल्याकडचं पण न्हाई. मी माहिती काढली. आफ्रिकेतलं हाय, मूळ तिकडचं. लोकांनी बंगल्यात शोभेला म्हणून लावलं. त्याच्या फुलात मधमाश्या मरत्यात म्हणे. आन् फांदी तर कवा मोडंल नेम न्हाई. उद्या गिऱ्हाइकाच्या डोक्यात पडली तर कुणी निस्तरायचं? असल्या परक्या झाडासाठी कशाला जीव टाकतीस?"

"टोमॅटो नेतोस ना नारायणगावला? क्रेटच्या क्रेट?"

"त्याचं काय?"

"तो कुठला रे? तुझ्या पणज्यानं भीमाशंकराच्या रानातनं उपटून आणला व्हता का? आन् मिरची? बटाटा? परकं म्हणून ते टाकलंस का कधी ताटातनं?" वैजयंतीनं पाय मोकळे केले. "आन् बाहेरनं आलेलं तोडायचं ठरलं तर या घरातली समदी बायामाणसं बाहेरची. तुझी आई खिरेश्वरची. तिच्यापासनं सुरुवात कर."

"मला कशाला मधी घेता वन्सं," उंबऱ्याआडून साळुबाई म्हणाली. पण तिच्या आवाजात राग नव्हता. उलट ती जरा पुढं सरकून बसली.

सावळेरामला बोलणं असं वाहवत जाणं आवडत नसे. त्यानं गुडघ्यावर हात आपटला. "हे बघ. जमिनीवरचा हक्क तू सोडलायस. सही हाय तुझी. जमीन आमची तर जमिनीवर उभं हाय ते पण आमचं."

"केली सही. अशीच यात्रा व्हती. साडी नेसवलीस, कुंकू लावलंस, आन् कुंकवाचं बोट वाळायच्या आत कागद पुढं सरकवलास. मी एका शब्दानं इचारलं न्हाई. पर त्यात झाड कुठं व्हतं? जे कागदावर आलंच न्हाई ते कागदानं कसं जाईल?"

"मग अण्णा, तुमी इचारताय तरी कशाला?" सुनीलचा गोडवा तिथं संपला. "सातबारा तुमच्या नावावर. उद्या मशीन बोलावतो. तासाभरात अंगण मोकळं."

यावर सावळेरामच्या आधी बोलली ती साळुबाई, आणि बोलता बोलता उंबरा ओलांडून बाहेर आली. "मशीन आणायचं नाव काढू नको सुन्या. जित्या लेकीच्या झाडाला कुऱ्हाड लावली तर त्या घरातली पुढची लेक नांदत न्हाई. माझ्या आतेसासूनं सांगितलंय मला. वैशाखात आरतीचं लगीन. तुला बहिणीपरीस बस मोठी झाली का?"

"आई, कुठल्या जमान्यातलं बोलतीस."

"आरती जल्मली त्याच जमान्यातलं."

"गप बसा दोघं," सावळेराम म्हणाला. त्याचा शापबिपांवर विश्वास होता असं नाही. पण तो कंजूष होता, जुगारी नव्हता. गमवायला लेक असेल तिथं तो पैज लावणार नव्हता. "म्हणून तर हिला बोलावलं. झाड हिच्या हातानंच परत यायला पायजे. हिनं माझ्या ओंजळीत पाणी सोडायचं, झाड सुटलं. मग लावा काय लावायचं ते."

आता कुठं वैजयंतीला आपला भाव कळला. इतका वेळ ती समजत होती की हे सगळे तिला विचारताहेत. ते विचारत नव्हते, त्यांना तिच्यावाचून पुढं जाता येत नव्हतं. तिनं पदर खोचला.

"आक्का," गोकुळ पहिल्यांदाच बोलला, मऊ आवाजात. "दे ना. तुला तरी काय मिळतंय त्या झाडापासनं? ना फळ ना लाकूड. तुझी सावली काय तू घोडेगावला घेऊन जाणारेस?"

गोकुळचं बोलणं तिला लागलं. आई गेली तेव्हा गोकुळ रांगत होता. त्याला मांडीवर घेऊन तिनं पेज भरवली होती, त्याच्या पहिल्या दातांनी तिच्या बोटाला वण पाडला होता. सावळेराम काय बोलेल ते तिला आधीपासून माहीत असायचं. गोकुळ असं बोलेल हे तिनं धरलं नव्हतं.

आणि त्याला सांगायचं तरी कसं, काय मिळतं ते? एसटीतून उतरली की ती आधी झाडाखाली उभी राहायची. पिशवी खाली ठेवून, घाम पुसून, मग घरात. घर भावांचं होतं. भाकरी भावजयांची होती. अंथरूण पाहुण्यांचं म्हणून वेगळं काढून ठेवलेलं असायचं, त्याला डांबरगोळीचा वास यायचा. घरात पाय टाकला की जो तो प्रेमानंच विचारायचा, कधी आलीस, किती दिवस आहेस. झाडाखाली कुणी विचारत नव्हतं. ज्या मातीत ती जन्मली तिच्यातली तेवढी सावली तिची होती, आणि ती देऊन टाकली की या गावात ती फक्त पाहुणी उरणार होती.

ती उठून अंगणात उतरली. झाडापासून रस्त्यापर्यंत तिनं नजर टाकली, मग उजवीकडं. उजवीकडं गोकुळच्या वाटणीचा बांध होता, बांधापलीकडं कांदा.

"सुनील, तुझी बस त्या अंगानं वळली तर?"

सुनील मोबाईलमध्ये बघत राहिला.

"मी चुलीवरची बाई, मला नकाशे कळत न्हाईत. पर हजार माणसांची पंगत कुठनं बसवायची आन् कुठनं उठवायची ते कळतं. हा बांध आत सरकवला तर बस वळंल का न्हाई?"

"वळंल," सुनील म्हणाला. "मस्त वळंल. झाडाला हात पण लावायला नको. काकांना कवाधरनं म्हणतोय मी. काका पट्टी सोडत न्हाईत."

"सुन्या," सावळेरामनं दटावलं, पण तोवर शब्द सुटून गेला होता.

वैजयंती गोकुळकडं बघत राहिली. गोकुळ बांधाकडं बघत राहिला.

"म्हणजे मला यात्रेला बोलावलं ते बस वळवायला न्हाई," ती सावकाश म्हणाली. "गोकुळचा कांदा वाचवायला बोलावलं."

"माझं पोट हाय त्याच्यावर, आक्का."

"असू दे की. पोटाला कोण नाव ठेवतंय? पर तसं सांगायचं. आक्का, माझी पट्टी जाती, तुझं झाड दे, असं म्हणला असतास तर मी काय केलं असतं ते माझं मला ठाऊक. तू मला म्हणलास, त्या झाडापासनं तुला काय मिळतंय." तिचा आवाज चढला नव्हता, पण साळुबाई आतून बाहेर आलेली ती आता नणंदेच्या बाजूला येऊन उभी राहिली होती आणि ते गोकुळच्याही ध्यानात आलं. "आता मी सांगते. दोघा भावांनी मिळून मला जे दिलं ते एवढंच हाय. चेष्टा म्हणून दिलं, पर दिलं. ती चेष्टा मी सोडणार न्हाई."

आतून मटणाचा वास ओटीवर येत होता. गोकुळची नजर एकदा चुलीकडं जाऊन आली. सौदा लांबला तर आधी कोण मोडणार हे वैजयंतीला दिसत होतं, आणि ती नव्हती.

"आन् दादा," ती म्हणाली, "आरतीला कुठलं झाड देणार?"

"आता कोण झाडं देतंय?" विषय बदलला म्हणून सावळेरामला बरंच वाटलं. "तिला फ्रिज बघितलाय. दोन दारांचा."

"मी फ्रिज मागितला न्हवता," पायरीवरून आरती म्हणाली.

सगळ्यांनी मान वळवली. ती सकाळपासून बोलली नव्हती, म्हणून ती तिथं आहे हेच लोक विसरले होते.

"मी ओढ्याकाठचा आंबा मागितला व्हता. अण्णा म्हणलं, ती रीत बंद. तुला पगार हाय, तुला कशाला चोळी-बांगडीचं झाड." ती कुणाकडं न बघता पायरीवरचं एक फूल चुरडत होती. "कमाई तर भाऊला पण हाय. त्याला हॉटेलला जमीन देताना कुणी म्हणलं न्हाई."

"तोंड बघ हिचं," सुनील म्हणाला.

"रीत बंद?" वैजयंतीनं सावळेरामला विचारलं.

"बंद."

"मग माझ्याकडनं पाणी कशाला सोडून घेतोस? रीत बंद हाय तर तोड की खुशाल."

सावळेराम अडकला. बाजारात असं कुणी त्याला अडकवलं नव्हतं. तो थोडा वेळ मिशी चावत बसला, मग म्हणाला, "जुनं दिलेलं ते जुन्या रीतीनं परत घ्यायचं. नवं द्यायचं न्हाई. झालं?"

वैजयंतीनं आरतीकडं बघितलं. पोरगी खालमानेनं बसली होती. अशीच मान खाली घालून आपणही एकदा या अंगणात उभ्या होतो, हे वैजयंतीला आठवलं, आणि मग जे तिच्या मनात आलं ते तिनं तोंडावर येऊ दिलं नाही.

"झालं," ती म्हणाली. "रीतीनंच करू. वहिनी, तांब्या भरून आणा."

एकदम सगळ्यांच्या अंगातला ताठरपणा गेला. सुनीलनं हातातल्या मोबाईलवर मशीनवाल्याला "मिटलं, उद्या ये" म्हणून सांगून टाकलं. गोकुळनं आत बायकोला आवाज दिला, कांदा चिर. सावळेराम उठला, टोपी नीट केली, आणि अंगणात उतरताना त्याचा चेहरा इतका मोकळा झाला की वैजयंतीला क्षणभर त्याची कीव आली. वाईट माणूस नव्हता तो. कुणाला काही द्यायची वेळ आली की त्याचा हात आखडायचा, एवढंच, आणि तो सगळ्यांसाठी सारखाच आखडायचा.

साळुबाईनं तांब्या आणून दिला तेव्हा तिचे डोळे भरले होते. "वन्सं, नका देऊ," ती पुटपुटली. "मी बघते ह्यांच्याकडं."

"आरतीला हाक मार," वैजयंती म्हणाली. "सगळ्यांनी पायजे. रीत हाय."

झाडाखाली गळलेल्या फुलांचा सडा होता. सावळेराम चपला काढून मुळाशी उभा राहिला आणि त्यानं ओंजळ पुढं केली. मोठी, राकट ओंजळ, नांगराच्या घट्ट्यांची. वैजयंतीनं तांब्या दोन्ही हातांनी धरला. रीत अशी होती की देणाऱ्यानं आधी मोठ्यानं म्हणायचं, झाड कुणाचं ते. ती म्हणाली, "झाड माझं. झाडाचं ते माझं. मी भागू घोटकराची लेक. आज मी हे देते."

आणि ती भावाच्या ओंजळीला वळसा घालून पुढं गेली.

"आरती, ओंजळ धर."

आरतीला कळायला थोडा वेळ लागला. सावळेरामला त्याहून जास्त. त्याची ओंजळ तशीच रिकामी पुढं होती, आणि ती मागं घ्यायचं त्याला सुचत नव्हतं.

"आत्या, काय करतीस?" सुनील पुढं आला.

"रीतीनं चाललंय. तू मधी बोलू नको."

"आरती," सावळेराम म्हणाला. आवाज खालचा होता, म्हणून जास्त धाकाचा. "आत जा."

आरतीनं बापाकडं बघितलं. आयुष्यभर त्या आवाजावर ती आत गेली होती. सहलीला जायचं म्हणाली तेव्हा, कॉलेजला जुन्नरला राहायचं म्हणाली तेव्हा, आंबा मागितला तेव्हा. तिचा एक पाय मागं सरकला सुद्धा. वैजयंती तांब्या धरून उभी राहिली. तिनं पुन्हा हाक मारली नाही. हे तिला दुसऱ्याच्या वतीनं करता येण्यासारखं नव्हतं, आणि पोरगी आत गेली असती तर वैजयंतीजवळ पुढचा डाव नव्हता.

"धर गं," मागून साळुबाई म्हणाली.

एवढंच म्हणाली. पण लग्न होऊन आल्यापासून साळुबाई नवऱ्याच्या शब्दावर शब्द बोलली ती पहिलीच वेळ असावी. सावळेरामनं तिच्याकडं असं बघितलं की जणू पिचकारीच बोलली.

आरतीनं हात पुढं केले. बोटांच्या फटीतून पाणी गळलं, तरी वैजयंतीनं तांब्या पुरता उपडा होईपर्यंत धार सोडली. "झाड तुझं," ती म्हणाली. "झाडाचं ते तुझं." आरतीनं ओंजळ मुळाशी मोकळी केली, आणि उभी राहिली ती मान वर करून.

"असं कुठं असतं का?" सावळेरामला वाचा फुटली. "झाड बापानं द्यायचं, न्हाई तर भावानं. बाईनं दिलेलं कुणी ऐकलंय?"

"ज्याचं झाड त्यानं द्यायचं. तू दिलंस तवा तुझं व्हतं. आज माझं व्हतं, मी दिलं." वैजयंतीनं तांब्या साळुबाईच्या हातात दिला. "आन् मला देताना तू फळाचा इचार केलास. मी केला न्हाई. एवढाच फरक."

"अण्णा, तुमी हे चालवून घेताय?" सुनील म्हणाला. "मशीनवाला उद्या येतोय."

"त्याला फोन कर आन् सांग नको म्हणून," आरती म्हणाली. तिचे हात अजून ओले होते, ते तिनं ओढणीला पुसले नव्हते. "माझं झाड हाय भाऊ. मला इचारल्याबिगर फांदी पण तोडायची न्हाई. आन् खाली गाड्या लावायच्या तर ते पण मला इचारून."

"मग बस कुठनं वळवू? डोंगरावरनं?"

सगळ्यांच्या माना आपोआप उजवीकडच्या बांधाकडं गेल्या. सावळेरामचीही गेली. त्याच्या समोर आता दोनच गोष्टी होत्या, लेकीचं नांदणं आणि भावाचा कांदा, आणि यातलं काय स्वस्त पडतं हे कळायला त्याला कधीच वेळ लागत नसे.

"माझ्याकडं काय बघताय सगळे?" गोकुळ म्हणाला.

"कांदा निघू दे," सावळेराम म्हणाला. "मग बसू आपण."

"दादा, तू तर म्हणला व्हतास—"

"म्हणलो व्हतो. आता झाड आपल्या आरतीचं हाय."

गोकुळ बहिणीकडं वळला, लहानपणी वळायचा तसा. वैजयंतीला वाटलं, जाऊन त्याच्या डोक्यावरनं हात फिरवावा. ती गेली नाही. पेज भरवायचं वय सरलं होतं त्याचं.

सुनील फोन कानाला लावून रस्त्याकडं गेला. साळुबाई रिकामा तांब्या पोटाशी धरून घरात शिरली आणि कुणाला न विचारता पानं मांडायला लागली. ताटांचा खणखणाट बाहेरपर्यंत आला. झाडाखाली भाऊ आणि बहीण उरली, आणि थोड्या अंतरावर आरती.

सावळेरामनं चपला पायात सरकवल्या. हरणं त्याला नवीन नव्हतं, बाजारात रोज कुणी तरी हरतं. पण जाताना समोरच्याला एक टोचणी दिल्याशिवाय त्याला भाकर गोड लागत नसे.

"मोठी शहाणी झालीस," तो म्हणाला. "आमाला दिलं न्हाईस ते न्हाईस, पर तुझं पण घालवलंस. जमीन मागंच सोडलीस, आज झाड गेलं. आता तुझं या दारात काय राहिलं गं वैजे?"

हे तो म्हणाला नसता तरी तिला ते कळलं होतं. पाणी सुटलं त्याच क्षणी कळलं होतं. इतकी वर्षं जिथं ती हक्कानं टेकायची, तिथं ती आता परवानगीनं उभी होती. तिनं एकदा खोडाला हात टेकला आणि काढून घेतला.

"भाची," वैजयंती म्हणाली, आणि आरतीला पुढं घालून जेवायला आत गेली.